मुभा राखून

खाजनभाट, ९ सप्टेंबर

प्रिय एल्विन,

तुझ्या फोनवर तू माझा नंबर बंद करून टाकलास, म्हणून शेवटी कागद घेतला. पोस्टातली सुकोरिना म्हणाली, इंग्लंडला हातानं लिहिलेलं पत्र धाडणारी तूच एकटी उरलीस गं. ती तिकिटं शोधत होती आणि मी वळून वळून दाराकडे बघत होते. सख्ख्या भावाला पत्र टाकायला इतकं काय घाबरायचं, असं तू म्हणशील. म्हण.

त्या दिवशी तू मला भित्री म्हणालास. मी चिडले, कारण ते खरं होतं. पण तू ते स्विंडनहून म्हणालास, याचा राग जास्त आला. खिडक्या लावून, हीटर लावून, चहात पाव बुडवत मोठ्या बहिणीला ‘लढ माना, लढ’ म्हणायला काय जातं? ऑर्लांदविरुद्धच्या याचिकेवर तुझंही नाव आहे, कबूल. ती करायची हे खूळही तुझंच. पण तुझ्या फाटकाला कुणी मासे आणून टांगत नाही.

हो, मासे. हे मी तुला फोनवर सांगितलं नव्हतं. ऑर्लांदला कोर्टाची नोटीस मिळाली, त्याच्या दुसऱ्या दिवशी सकाळी फाटकाला माडाच्या हिरात ओवलेले मासे लटकत होते, नदीतले शेवटे. ताजे, डोळे चकचकीत. मला वाटलं, कुणी चुकून ठेवले. मग पहिली तारीख झाली, पुन्हा मासे. आता गेल्या आठवड्यातल्या तारखेनंतर अख्खा चणक, माझ्या हाताएवढा लांब. मानशीच्या दारांपाशी लावलेल्या जाळ्यात असा चणक लागला की तो थेट पणजीच्या हॉटेलात जातो, हे तुलाही ठाऊक आहे. मला फुकट कशाला?

रविवारी चर्चमध्ये मिस्सा सुटल्यावर ऑर्लांद माझ्याशेजारून चालायला लागला. शाळेत एका बाकावर बसायचो आम्ही, त्याला माझ्याशी बोलायला कसली लाज. म्हणाला, “चणक बरा होता ना गं, अर्मिन? एकटीला पुरला असेल.” एवढंच. तुला हे वाचून हसू येईल. मला घरी आल्यावर सुईत दोरा ओवता येईना.

तू म्हणतोस, ऑर्लांद करून करून काय करणार? अरे, तो काहीच करत नाही, तीच तर भीती आहे. लिलावात बांधातली मानस आणि तिथल्या मासळीचा हक्क त्याने घेतला. भरतीला तिची दारं मिटायची आणि ओहोटीला उघडायची, एवढं एक काम. तो ती उघडीच ठेवतो. नदीचं खारं पाणी आत येतं, मासळी त्याची होते आणि शेत आपलं मरतं. विचारलं तर म्हणतो, दारं जुनी झालीत, मी काय करू? सलग दुसरा पावसाळा नदीकाठच्या आपल्या खाजनात भाताचं रोप उभं राहिलं नाही. यंदा कणसांच्या फेस्ताला फादरनी शेजारच्या गावातून कणसं मागवून आशीर्वाद दिला. मी आल्तारासमोर उभी राहून परक्या शेताची कणसं घरी आणली.

चणक मी माडाच्या मुळाशी पुरला. खायची छाती झाली नाही.

फोन उघडशील तर बरं.

तुझी माना
अर्मिंदा

*

२७ सप्टेंबर

प्रिय एल्विन,

पत्र पोचलं की नाही कळायला मार्ग नाही. तरी लिहिते, कारण इथं कुणाशी बोलायचं? फादर फक्त प्रार्थना कर म्हणतात.

मंगळवारी मी मानशीवरच्या फळीवरून पलीकडे जात होते. बेनेदिताच्या नातीचा चर्चमधल्या पहिल्या कम्युन्यावाचा, मी शिवलेला फ्रॉक द्यायचा होता. ती फळी तुझ्या-माझ्या पायाखालची. आपण लहानपणी तिच्यावरून उड्या मारत जायचो. मधोमध पोचले आणि ती एका टोकाला सुटली. मी खाली. भरती चढत होती. कमरेपर्यंत चिखल, आणि पाय हलवला की आणखी खाली. फ्रॉकची पिशवी मी डोक्यावर धरून बसले होते, म्हणजे बघ माझी अक्कल. पाणी छातीला लागलं तेव्हा पिशवी सोडली.

मला ओढून कुणी काढलं असेल? ऑर्लांदनं.

लगेच आला, एल्विन. मी ओरडायच्या आधी. हातात दोर होता. मला काखेत धरून बांधावर बसवलं, स्वतःच्या शर्टानं माझं तोंड पुसलं. मी त्याचा हात सोडत नव्हते, कारण दुसरं धरायला काही नव्हतं. मला खरंच त्याचे उपकार वाटले. तो म्हणाला, “अर्मिन, आता पाय घसरायचं वय झालं बघ आपलं. कोर्टाच्या पायऱ्या तर हिच्याहून उंच.”

मग तो खाली वाकून फळी बघायला लागला. खिळे गंजले म्हणाला. खिळे गंजलेले नव्हते. फळीच्या त्या टोकाला खिळेच नव्हते, नुसती चार स्वच्छ भोकं होती. मी बघितलं आणि मी बघितलंय हे त्यानंही बघितलं.

आता माझ्यापाशी शौर्याच्या गोष्टी काढू नकोस. मी केस मागे घेतेय. वकीलबाईंना कळवलंय. तुला हवं तर तू मला जन्मभर भित्री म्हण, पण मला माझ्या बिछान्यात मरायचंय, मानशीत नाही.

अर्मिंदा

*

१० ऑक्टोबर

एल्विन,

तुझा फोन बंद, पत्राला उत्तर नाही. मायच्या मर्णाला आला नाहीस तेव्हाही असंच होतं. पेटी वाट बघत थांबली आणि तू कागद अडकलेत म्हणालास. कागद तुझे नेहमी वेळेवर अडकतात. हे मी लिहिणार नव्हते, पण लिहिलं गेलं, आता खोडत नाही.

काल पर्वरीला हायकोर्टात जाऊन आले. वकीलबाई म्हणजे आपल्या मेघना कुंकळ्येकार, तू फोटोत बघितलीस ती बारीकशी पोरगी. तिला मी सगळं सांगितलं, फळीचंही. ती पोलिसात जाऊ म्हणाली. मी हात जोडले. ठाण्यातला हवालदार ऑर्लांदच्या पोराच्या लग्नात माझ्या शेजारच्याच टेबलावर सोरपोतेल खात बसला होता.

मग ती म्हणाली, मागे घेणं तसंही वाईट नाही. गेल्या तारखेला न्यायमूर्तींनी विचारलं होतं, तुम्ही आधी मामलेदाराकडे का नाही गेलात? बांध आणि मानशीचं बघायचं काम त्यांचं. आपण ती पायरी सोडून थेट वर आलो. उद्या याच मुद्द्यावर याचिका फेटाळली तर कपाळावर शिक्का बसेल. त्यापेक्षा आपणहून काढून घेऊ.

“पण नुसती काढायची नाही, आंटी,” ती म्हणाली. “मुभा मागून काढायची. मामलेदाराकडे जायची मुभा, आणि तिथं काही झालं नाही तर परत इथं यायची मुभा. ती आदेशात लिहून घेतली नाही, तर याच कारणासाठी पुन्हा या दारात उभं राहता येणार नाही. दार कायमचं बंद.”

मला ते आवडलं. खोटं कशाला बोलू, मला वाटलं, हे बरं आहे. भ्यालेही आणि हरलेही नाही, असं झालं तर कुणाला नको? फ्रॉक शिवताना आपण आत थोडं कापड दुमडून ठेवतो, पोर वाढली की उसवून लांब करता येतं. तसंच हे.

बसमधून उतरले तर थांब्यावर ऑर्लांद उभा. कसं कळलं ते विचारू नकोस. माझी पिशवी त्यानं हातातून घेतली आणि घरापर्यंत आला. सगळा वाडा बघत होता, किती छान, जुने मित्र. वाटेत म्हणाला, “मागं घेतेस असं ऐकलं. शहाणी आहेस. पण शेपूट ठेवू नको हं.”

मी म्हटलं, कसलं शेपूट?

“तुझी वकीलीण ठेवणार. परत येण्याची सोय. माझा वकील सांगत होता. बघ अर्मिन, मला भांडण संपवायचंय. निजवायचं नाही. मागं घ्यायचं तर सरळ घे. दोन वर्षांनी पुन्हा तुझा कागद माझ्या दारात यायचा, पुन्हा मी वाईट, पुन्हा तुझा पाय घसरायचा. कशाला?”

फाटकापाशी त्यानं पिशवी माझ्या हातात दिली. मी होय म्हटलं. सरळ घेते म्हटलं. माझे दात वाजत होते आणि ते त्याला ऐकू येऊ नयेत म्हणून मी लवकर होय म्हटलं.

म्हणून आता तुला विचारते. वकीलबाई म्हणतात, दोघांची याचिका आहे, तर दोघांनी सांगितलं पाहिजे. तू त्यांना कळव की माना म्हणते तसं सरळ मागे घ्या, शेपटाशिवाय. एवढं कर. शेताचं काय व्हायचं ते होऊ दे. शेत काही फळीवरून चालत नाही.

अर्मिंदा

*

२ नोव्हेंबर, मेलेल्यांचा दिवस

एल्विन,

सकाळी मायला पुरलं त्या फोंडावर मेणबत्ती लावून आले. तुझ्या नावचीही लावली. तू जिवंत आहेस हे मला पक्कं कळलंय, कारण तू मला उत्तर दिलं नाहीस पण वकीलबाईंना दिलंस.

मला कोर्टात कळलं. आमचा नंबर पुकारला, तेव्हा मी मागच्या बाकावर होते. माझ्या मागे ऑर्लांद, त्याचा श्वास माझ्या मानेला लागत होता म्हटलं तरी चालेल. कोर्टाच्या बाहेर मी वकीलबाईंना सांगितलं होतं, सरळ घ्या, मुभा नको. त्या म्हणाल्या, “आंटी, तुम्ही तसं लिहून द्या. पण तुमच्या भावाचा मेल आलाय. मुभा राखूनच मागे घ्या, नाहीतर माझी संमती नाही, असं त्यांनी लिहिलंय. एकाचं हो आणि एकाचं नाही असताना मी दार बंद करू शकत नाही.”

मग पुकारा झाला. वकीलबाई उभ्या राहिल्या आणि मागे घेण्याची परवानगी मागितली, मुभेसकट. ऑर्लांदचा वकील ताडकन उठला. म्हणाला, ही निव्वळ छळवणूक आहे, मागे घ्यायची तर बिनशर्त घ्यावी. न्यायमूर्तींनी चष्म्यावरून विचारलं, अर्जदार हजर आहेत का? मी उभी राहिले. म्हणजे मला वाटतं उभी राहिले. त्यांनी काहीतरी विचारलं. मला एवढंच ऐकू आलं की माझ्या मागे बाक करकरला. मी मान हलवली, ती कशासाठी हलवली मला माहीत नाही. न्यायमूर्तींना वाटलं असेल म्हातारीला बरं नाही. बसा म्हणाले.

आदेश झाला. याचिका मागे घेतली म्हणून निकाली, अर्जदारांना योग्य अधिकाऱ्याकडे आणि गरज पडल्यास पुन्हा या कोर्टाकडे दाद मागायची मुभा, सगळे मुद्दे खुले. वकीलबाई बाहेर येऊन माझा हात दाबून म्हणाल्या, याहून चांगलं काही मिळणार नव्हतं. त्या खूश होत्या. मी दाराकडे बघत होते.

ऑर्लांद पायऱ्यांवर भेटला. चिडला नव्हता. “शेपूट राहिलंच की गं,” एवढंच म्हणाला आणि आपल्या गाडीतून घरी सोडू का विचारलं. मी बसनं येते म्हटलं.

एल्विन, तू हे माझ्यासाठी केलंस की माझ्यावर केलंस, ते मला कळत नाही. मला विचारायचं तरी होतंस.

अर्मिंदा

*

१४ नोव्हेंबर

एल्विन,

जे झालं ते मी पटकन लिहून टाकते, नाहीतर लिहिणार नाही.

मानशीच्या खुरसापाशी, त्या जुन्या क्रुसापाशी, दर वर्षी मासेमारीच्या आधी लादाइनची प्रार्थना होते, ती यंदा ऑर्लांदनं घातली. खुरसाला पांढरा रंग, झेंडूच्या माळा, व्हायोलिन वाजवायला मडगावहून माणूस. सगळा वाडा बांधावर. मी जाणार नव्हते. पण न जाणं म्हणजे गावाला सांगणं. मग माझ्या दारावर कोण काय टांगील?

लादाइन संपली, उकडलेले चणे आणि फेणी फिरायला लागली. ऑर्लांद खुरसाजवळ उभा राहिला आणि हसत हसत म्हणाला, “अर्मिनमध्ये आणि माझ्यात जे होतं ते मिटलं. कोर्टानंही मिटवलं. आता ती सगळ्यांसमोर खुरसावर हात ठेवून सांगेल, की पुन्हा कोर्टाची काय, कचेरीचीही पायरी चढणार नाही. म्हणजे वाड्यात शांती.” लोकांनी टाळ्या वाजवल्या, एल्विन. बेनेदितानंसुद्धा. तिला वाटलं, किती चांगलं.

माझा हात बेनेदितानं धरून पुढे केला. मी ठेवला खुरसावर. गार लागला. मी शपथ घेतली.

तू तिकडे चर्चमध्ये फक्त लग्नाला जातोस, तुला हे हसण्यावारी नेता येईल. मला येत नाही. माय काय म्हणायची आठवतं ना? कोर्टात खोटं बोललेला तुरुंगात जातो, खुरसापाशी खोटं बोललेला कुठं जातो हे सांगायला कुणी परत येत नाही. मी लहान होते तेव्हाही ते ऐकून रात्रभर पांघरुणात डोकं घालून पडायचे. आता साठीला आले तरी तेच.

वकीलबाईंना फोन केला. त्या हसल्या. “आंटी, असल्या शपथेला कायद्यात काही किंमत नाही.” मी म्हटलं, बाई, तुमच्या मुभेलाही आमच्या वाड्यात काही किंमत नाही. मग त्या हसल्या नाहीत.

म्हणजे बघ, दार कोर्टानं उघडं ठेवलं आणि पाय माझे बांधले गेले.

एक गोष्ट तेवढी सांगते. चणे खाताना कुणीतरी ऑर्लांदला विचारलं, आणि एल्विनचं काय? नाव तर त्याचंही होतं. ऑर्लांद म्हणाला, “तो? जो स्वतःच्या आईला माती द्यायला आला नाही, तो चिखलासाठी येणार? त्यानं इथला पासपोर्टसुद्धा परत केलाय. तो गेला.” सगळे हसले. मीही हसले, हसावं लागलं.

अर्मिंदा

*

३० नोव्हेंबर

एल्विन,

थोडं बरं वाटतंय म्हणून लिहिते. गेले काही दिवस मी सकाळची ओहोटी गाठून खाजनात उतरते आणि खारफुटीची रोपं उपटते. आठवतं ना, नदीतून वाहत आलेली ती हिरवी शेंग चिखलात उभी रुतली की आठवड्यात मूळ धरते. माय आणि तिच्या बरोबरीच्या बाया सुगीआधी गाणी म्हणत ती उपटायच्या. शेत राखणं म्हणजे अर्धं ते उपटणंच. आपलं खाजन आता त्यांनी भरून गेलंय. वीतभर उंच झालीत. रांगेत पेरल्यासारखी.

वकीलबाई म्हणतात, मुभेला मुदत नाही, वर्षानं वापरा नाहीतर दोन वर्षांनी. पण मुभेला मुळं फुटत नाहीत आणि खारफुटीला फुटतात. एकदा ती गुडघ्याच्या वर गेली की सरकारी नकाशात ते खारफुटीचं रान म्हणून लागतं. मग तिला कुणालाच हात लावता येत नाही, ऑर्लांदलाही नाही आणि मामलेदारालाही नाही. शेत परत मिळण्याचा प्रश्नच उरत नाही. ऑर्लांदला मासे हवेत असं मला वाटायचं. आता वाटतं त्याला फक्त वेळ हवाय.

पण रोपं उपटायची नाहीत अशी शपथ मी घेतलेली नाही. म्हणून उपटते. कंबर मोडते, पण त्या वेळात भीती वाटत नाही. एवढंच एक काम आहे ज्यात मला भीती वाटत नाही.

अर्मिंदा

*

मडगाव, १२ डिसेंबर

प्रिय एल्विन,

हे पत्र मी मडगावच्या मोठ्या पोस्टातून टाकतेय, तिथं मला कुणी ओळखत नाही.

शनिवारी वनखात्याचा माणूस घरी आला. तरुण, सभ्य, चपला बाहेर काढून आला. त्यानं फोनवर मला एक चित्रफीत दाखवली. बांधावरून काढलेली होती. खाजनात एक बाई वाकून रोपं उपटतेय, तोंड दिसत नाही पण साडी खोचायची पद्धत माझीच. त्यात मी काहीतरी पुटपुटत होते. रोझारची प्रार्थना म्हणत असणार. म्हणाला, तक्रार आलीय. खारफुटी तोडणं गुन्हा आहे, आजी, या खेपेला समज देऊन जातो, पुन्हा दिसलात तर केस करावी लागेल. मी म्हटलं, बाबा, ते माझं भाताचं शेत आहे. तो म्हणाला, आता तिथं भात कुठाय?

मी त्याला लिंबाचं सरबत दिलं.

तो गेल्यावर मी दाराला कडी लावली आणि जमिनीवर बसून राहिले. तू मला ओळखतोस. मी रडत नाही, मी हिशेब करते. कोर्टात मी जायची नाही, खुरीस आहे. मामलेदाराकडे जायची नाही, खुरीस आहे. चिखलात उतरायचं नाही, कॅमेरा आहे. माझ्या बाजूनं एकूण एक वाट मिटली. ऑर्लांदनं एवढं नीट मिटवलं की मला त्याचं कौतुक वाटायला लागलं.

आणि मग आठवलं की त्यानं शपथ माझ्याकडूनच घेतली. तुझ्याबद्दल ‘तो गेला’, असं म्हणून तो हसला. त्याला खरंच वाटतं की जो गेला तो गेला. गावातल्या सगळ्यांना तसंच वाटतं. मलाही तसंच वाटत होतं.

वकीलबाईंना विचारून आले, आत्ता पर्वरीहूनच येतेय. कोर्टाची पायरी चढले नाही, फाटकाशी उभी राहिले आणि त्यांना खाली बोलावलं. त्यांना मी वेडी वाटले असेन. त्या म्हणाल्या, मुभा दोन्ही अर्जदारांना आहे, वेगवेगळी वापरता येते. पासपोर्ट बदलला म्हणून बापजाद्यांच्या शेतातला हिस्सा जात नाही. आधी मामलेदाराकडे अर्ज, तिथं काही झालं नाही तर पुन्हा हायकोर्ट. पण पाऊस पडायच्या आत. एक पावसाळा गेला की रोपं वर जातील, आणि मग तुझ्या हातात मुभेचा कागद असेल आणि समोर जंगल असेल.

म्हणून एल्विन, ये.

मी तुला सरळ घ्यायला सांगितलं होतं, तू ऐकलं नाहीस. त्याचा राग अजून आहे. त्याबद्दल धन्यवादही आहेत. दोन्ही एकाच पत्रात मावतात.

आता नीट ऐक. तू अर्ज केलास की ऑर्लांद तुझ्याकडे येणार नाही. तो माझ्याकडे येईल. मला ठाऊक आहे. पहिला मासा माझ्याच फाटकाला लागेल, आणि मासा तरी लागेल का, हे मला सांगता येत नाही. हे लिहिताना माझं अक्षर कसं झालंय ते तुला दिसतंय. मी घाबरलेय. मी इतकी घाबरलेय की कालपासून तोंडाला चव नाही. तरी मी हे शुद्धीवर लिहितेय, ये म्हणून. उद्या तू फोन उघडलास आणि मी फोन करून नको म्हटलं तर समज की शेजारी कुणीतरी उभं आहे.

म्हणून माझ्याकडे उतरू नकोस. तुझ्या सासुरवाडीत मडगावलाच रहा. मला येतोय म्हणून कळवू नकोस. मिस्साला आलास तर माझ्या बाकाकडे येऊ नकोस. आपण बोलत नाही, हे सगळ्या गावाला माहीत आहे. ते तसंच राहू दे. आपलं भांडण ही सध्या माझ्या घराची एकच कडी आहे. लोक मला विचारायला येतील, तुझा भाऊ आलाय, अर्ज केलाय म्हणे. मी तुला शिव्या देईन. चांगल्या मोठ्यानं, सगळ्यांना ऐकू जातील अशा. तुझ्या कानावर आल्या तर मनाला लावून घेऊ नकोस. त्यातल्या काही खऱ्या असतील, पण त्या कुठल्या ते आपण नंतर बघू.

मामलेदार पाहणीला येईल तेव्हा तुला त्याच्याबरोबर बांधावरून यावं लागेल. वाट माझ्या घरावरूनच आहे, दुसरी नाही. तेव्हा ऑर्लांद बरोबर असेल आणि तो माझ्या खिडकीकडे बघेल. तू बघू नकोस. मान खाली घालून सरळ पुढे जा, घर कुणा परक्याचं असल्यासारखं.

मी पडद्यामागे असेन. मी बघेन. तू जाड झालायस का, केस राहिलेत का, चालतोस कसा, सगळं बघून घेईन. तेवढं मला पुरेल.

तुझी माना
अर्मिंदा